उधारीवर विकलेल्या कापडाची थकबाकी: दावा तारखांवर उभा राहतो

आपण विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. इचलकरंजीत आपला आणि आपल्या बंधूंचा भागीदारीत यंत्रमाग कारखाना आहे. दलालामार्फत आपण अहमदाबादच्या एका व्यापारी पेढीला ऑगस्ट २०२३ ते जानेवारी २०२४ या काळात पाच बिलांनी ग्रे (मागावरून उतरलेले, न रंगवलेले) कापड विकले. एकूण बिले २३,६०,००० रुपयांची झाली. त्यांपैकी ३,००,००० रुपये २० नोव्हेंबर २०२३ रोजी चेकने आणि २,००,००० रुपये ६ मार्च २०२४ रोजी आरटीजीएसने खात्यावर जमा झाले, आणि १८,६०,००० रुपये येणे राहिले. लेखी करार नाही. बिलांवर ‘पेमेंट ४५ दिवस’ आणि ‘उशीर झाल्यास २४ टक्के व्याज’ असे छापलेले आहे. वकिलामार्फत नोटीस पाठवल्यावर समोरच्या पेढीने उत्तर दिले की माल हलका होता, वजन कमी होते, म्हणून काही देणे लागत नाही. आता दावा कोठे करावा, पोलिसांत तक्रार करावी का, व्याज मिळेल का आणि मुदत संपली तर नाही ना, असे आपण विचारता.

शेवटचा प्रश्न मी आधी घेतो, कारण बाकी सर्व काही त्यावर अवलंबून आहे. विकून पोहोचवलेल्या मालाच्या किमतीचा दावा तीन वर्षांत करावा लागतो. मुदत कायदा, १९६३ च्या अनुसूचीत याच्या दोन वेगळ्या नोंदी आहेत. उधारीची मुदत ठरलेली नसेल तर अनुच्छेद १४ प्रमाणे माल पोहोचल्याच्या तारखेपासून तीन वर्षे मोजतात, आणि ठरलेली असेल तर अनुच्छेद १५ प्रमाणे ती उधारीची मुदत संपल्यापासून. आपल्या बिलांवर ४५ दिवस छापलेले असले तरी दलालाने तोंडी ६० दिवस सांगितले होते असे आपण लिहिता. अशा वेळी उद्या समोरचा वकील ‘मुदत काही ठरलीच नव्हती’ अशी भूमिका घेऊ शकतो. म्हणून माझा सल्ला असा की आपण सर्वांत लवकरची तारीख, म्हणजे माल पोहोचल्याची तारीख, धरून चालावे आणि त्यापासून तीन वर्षांच्या आत न्यायालयात पोहोचावे. समोरच्याने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी मुदतबाह्य दावा फेटाळणे न्यायालयाला कलम ३ प्रमाणे भागच असते. त्यामुळे येथे कोणाच्या चांगुलपणावर विसंबून चालत नाही.

प्रत्येक बिलाची मुदत स्वतंत्र चालते, हे अनेक व्यापाऱ्यांच्या लक्षात येत नाही. ‘आमचे चालू खाते आहे, शेवटच्या नोंदीपासून तीन वर्षे’ असे मी पुष्कळदा ऐकतो. ते बहुतेक वेळा चुकीचे असते. परस्पर, खुल्या आणि चालू खात्याची सवलत अनुच्छेद १ मध्ये आहे खरी, पण त्यासाठी दोन्ही बाजूंची एकमेकांवर स्वतंत्र देणी असावी लागतात. एकाने माल द्यायचा आणि दुसऱ्याने फक्त त्या मालाचे पैसे भरत राहायचे, हे परस्पर खाते होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हिंदुस्थान फॉरेस्ट कंपनी विरुद्ध लालचंद या १९५९ च्या निकालात हे स्पष्ट केले आहे. आपण त्या पेढीकडून सूत घेत असता आणि कापड देत असता, तर गोष्ट वेगळी झाली असती.

आता आपल्या पाच बिलांकडे पाहू. पहिले बिल १२ ऑगस्ट २०२३ चे ४,२०,००० रुपयांचे, दुसरे ९ सप्टेंबरचे ५,१०,००० रुपयांचे, आणि पुढची ४,६०,०००, ४,९०,००० आणि ४,८०,००० रुपयांची आहेत. जमा झालेले पाच लाख कोणत्या बिलापोटी आले हे पेढीने कळवले नसेल, तर भारतीय करार कायद्याच्या कलम ६० प्रमाणे ते कोणत्या देण्यात वळते करायचे हे ठरवण्याचा अधिकार आपला आहे. आपणही ठरवले नसेल तर कलम ६१ प्रमाणे ते तारखेच्या क्रमाने वळते होतात. तारखेच्या क्रमाने वळते केले तर पहिले बिल पूर्ण फिटते आणि दुसऱ्या बिलातून ८०,००० रुपये वजा होऊन ४,३०,००० राहतात. म्हणजे आपली सर्वांत जुनी थकबाकी पहिल्या बिलाची नसून दुसऱ्याची आहे, आणि तो माल आपल्या म्हणण्याप्रमाणे १२ सप्टेंबर २०२३ रोजी पोहोचला. पोहोच धरून मोजले तर १२ सप्टेंबर २०२६ ही त्या बिलाची शेवटची तारीख ठरते. खतावणीत हे वळते करणे नीट दिसत नसेल, तर दाव्यासोबत जोडायच्या हिशेबात ते स्पष्ट मांडावे. एकदा मुद्दलात वळते दाखवले की नंतर ‘आम्ही ते आधी व्याजात धरले होते’ असे म्हणता येत नाही, म्हणून हिशेब दाखल करण्यापूर्वी आपल्या चार्टर्ड अकाउंटंटने आणि वकिलाने तो एकत्र बसून पाहावा.

अंशतः रक्कम भरल्याने मुदत नव्याने सुरू होते का, हाही याच्याशी जोडलेला प्रश्न आहे. मुदत कायद्याच्या कलम १९ प्रमाणे होते, पण त्यासाठी भरणा केल्याची नोंद देणेकऱ्याच्या हस्ताक्षरात किंवा त्याने सही केलेल्या लेखात असावी लागते. चेकवर सही असते, त्यामुळे नोव्हेंबरचा चेक या कामी उपयोगी पडतो, आणि बँकेकडून त्याची प्रत आजच मागवून ठेवावी. आरटीजीएसच्या बाबतीत आपल्या खात्याच्या उताऱ्यावर नुसती रक्कम दिसते आणि देणेकऱ्याची सही कोठेच नसते. त्यावर युक्तिवाद करता येतो, पण मी स्वतः कोणत्याही पक्षकाराला आरटीजीएसच्या तारखेवर मुदत उभी करायला सांगणार नाही. याहून बळकट कागद म्हणजे कलम १८ ची लेखी कबुली. ३१ मार्चची बाकी बरोबर आहे असे पेढीने शिक्का-सही करून दिलेले खातेपत्रक आपल्याकडे असेल, तर त्या सहीच्या तारखेपासून नवी तीन वर्षे मिळतात. अट एवढीच की ती सही मूळ मुदत संपण्यापूर्वीची असावी. वकिलाची नोटीस पाठवल्याने मुदत एका दिवसानेही वाढत नाही. नोटिशीला उत्तर येईल, मग पुन्हा बोलणी होतील, दिवाळीनंतर हप्ता देतो असे फोनवर सांगितले जाईल, आणि या सगळ्यात तीन वर्षे निघून जातील. असे झालेले मी अनेक यंत्रमागधारकांच्या बाबतीत पाहिले आहे आणि प्रत्येक वेळी वाईट वाटले आहे, कारण मालही खरा होता आणि येणेही खरे होते.

आता ‘माल हलका होता’ या बचावाकडे येतो. दाव्याची खरी लढाई येथेच होईल. मालविक्री कायदा, १९३० प्रमाणे खरेदीदाराला माल तपासण्याची वाजवी संधी मिळाली पाहिजे, हे कलम ४१ सांगते. मात्र त्यानंतर त्याने माल नाकारल्याचे वाजवी वेळेत कळवले नाही, किंवा मालाचे मालक असल्यासारखे त्याचे काही केले, तर कलम ४२ प्रमाणे त्याने माल स्वीकारला असे धरले जाते. ग्रे कापड प्रोसेसला गेले, त्याचे ताके कापले गेले, रंगवले गेले, पुढच्या व्यापाऱ्याला विकले गेले, तर ते परत करण्याचा प्रश्नच उरत नाही. मग खरेदीदाराच्या हाती कलम ५९ एवढेच उरते, म्हणजे हमीभंगामुळे झालेले नुकसान किमतीतून वजा करून मागणे. ते नुकसान किती झाले हे त्यालाच पुराव्याने सिद्ध करावे लागते, आणि ‘हलका होता’ एवढ्या शब्दाने १८,६०,००० रुपयांचे देणे शून्यावर येत नाही.

म्हणून आपण पहिले काम हे करा की पाचही बिलांच्या पोहोचेनंतर त्या पेढीने किंवा दलालाने काय काय कळवले, याची तारीखवार यादी बनवा. आपण लिहिता की एप्रिल २०२४ मध्ये दलालाचा व्हॉट्सॲपवर एक निरोप आला होता, ‘पार्टी म्हणते मागचा माल हलका आला, बघून घ्या’. हा निरोप लपवू नका. तो कोणत्या बिलाच्या मालाबद्दल आहे हे त्यात नाही, त्यासोबत फोटो किंवा वजनाचा कागद नाही, आणि शेवटचा माल जानेवारीत पोहोचून गेल्यावर तो आलेला आहे. शिवाय त्याच्या आधी, ६ मार्चला, त्याच पेढीने दोन लाख भरले होते. माल नापसंत असलेला व्यापारी तक्रार न करता दोन लाख का भरेल, हा प्रश्न उलटतपासात विचारला जातो, आणि त्याला बरे उत्तर देता आलेला साक्षीदार मी क्वचितच पाहिला आहे. डेबिट नोटचेही तसेच आहे. कापडाच्या धंद्यात वजन कमी भरले, पीक (आडव्या धाग्यांची संख्या) कमी आले, डाग निघाले की खरेदीदार डेबिट नोट पाठवतो आणि दोघांच्या वहीत ती नोंदली जाते. ज्या पेढीची डेबिट नोट पहिल्यांदा वकिलाच्या नोटिशीच्या उत्तरातच दिसते, तिच्या म्हणण्याकडे न्यायालय संशयानेच पाहते. उत्तरासोबत अशी डेबिट नोट आली असेल तर तिचा क्रमांक आणि तारीख पाहा, आणि त्याच काळातील तिच्या आधीच्या व नंतरच्या क्रमांकांच्या नोटा हजर करण्याची मागणी न्यायालयामार्फत करा.

कागदपत्रांबाबत येथे थोडे विस्ताराने लिहितो. आपली खतावणी आणि रोजकीर्द हा पुरावा आहे, पण केवळ वहीतील नोंदींवरून कोणावरही देणे लादता येत नाही. हा नियम जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ३४ मध्ये होता आणि आता भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम २८ मध्ये आहे. त्यामुळे नोंदीमागचा मूळ व्यवहार दाखवणारे कागद लागतात. ते म्हणजे बिलाची प्रत, डिलिव्हरी चलन, ट्रान्सपोर्टची एलआर (माल वाहतुकीला दिल्याची पावती), ई-वे बिल (मालवाहतुकीचा जीएसटीखालील कागद) आणि अहमदाबादच्या गोदामात माल उतरवून घेताना केलेली सही. माझ्या अनुभवात सर्वांत दुबळा दुवा असतो तो ही सहीच. बिलावर किंवा चलनावर कोणीतरी घाईने केलेले अक्षर असते, नाव नसते, शिक्का नसतो, आणि कैफियतीत, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तरात, ‘ही सही आमच्या माणसाची नाही’ असे एक वाक्य येते. अशा वेळी ट्रान्सपोर्ट कंपनीच्या शाखेतील पोहोचीचे रजिस्टर आणि ई-वे बिलावरचा गाडी क्रमांक यांनी ती कडी जोडता येते. ट्रान्सपोर्टवाले जुनी रजिस्टरे फार काळ ठेवत नाहीत, म्हणून ती प्रत मिळवण्यासाठी दाव्याची वाट पाहू नका.

जीएसटीच्या कागदांबद्दल मोठा गैरसमज आहे. आपण आपले विवरणपत्र भरले की खरेदीदाराच्या जीएसटीआर-२बी (खरेदीवरील कराच्या आपोआप तयार होणाऱ्या पत्रका) मध्ये ती बिले आपोआप दिसू लागतात. त्यामुळे ‘त्यांच्या २बी मध्ये आमची बिले आहेत’ एवढ्यावरून त्यांनी माल घेतल्याची कबुली होत नाही. त्या बिलांवरच्या कराची वजावट त्यांनी प्रत्यक्षात घेतली का, हे महत्त्वाचे आहे, आणि ते त्यांच्या खरेदी रजिस्टरमधून व मासिक विवरणपत्राच्या आधारे काढावे लागते. ती कागदपत्रे हजर करण्याचा अर्ज न्यायालयात करता येतो. वजावट घेतली असेल तर दुसरा प्रश्न उभा राहतो. बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पुरवठादाराला पैसे दिले नाहीत, तर घेतलेली वजावट व्याजासह परत भरावी लागते. पेढीने ती परत भरली नसेल, तर एका बाजूला सरकारला ‘माल घेतला’ आणि दुसऱ्या बाजूला न्यायालयाला ‘देणे नाही’ असे सांगितल्यासारखे होते. माल खरोखर नाकारून परत केला असता, तर त्याचीही नोंद कोठेतरी असती.

व्हॉट्सॲपचे निरोप दाखल करताना साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडावे लागते. १ जुलै २०२४ पासून हे प्रमाणपत्र दोन भागांत द्यावे लागते, एक पक्षकाराचा आणि दुसरा तज्ज्ञाचा, आणि त्यात फाइलचे हॅश मूल्य (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा संकेतांक) नमूद करावे लागते. इलेक्ट्रॉनिक पुराव्याची दुय्यम प्रत प्रमाणपत्राशिवाय वाचता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल या जालन्याच्या निवडणुकीतून उद्भवलेल्या प्रकरणात पक्के केले आहे. आपला जुना मोबाइल विकू नका, तो बदललाच तर सांभाळून ठेवा.

दावा दाखल करण्यापूर्वी आपल्या स्वतःच्या पेढीची एक गोष्ट तपासा, आणि ती आजच तपासा. आपली भागीदारी फर्म निबंधकाकडे नोंदलेली आहे का? भागीदारी कायदा, १९३२ च्या कलम ६९ (२) प्रमाणे नोंदणी नसलेल्या फर्मला करारातून उत्पन्न झालेला हक्क बजावण्यासाठी त्रयस्थावर दावा करता येत नाही, आणि दावा करणाऱ्या भागीदारांची नावे निबंधकाच्या नोंदवहीत असावी लागतात. वडील वारले, धाकटा भाऊ आत आला आणि निबंधकाकडे बदल कळवलाच नाही, अशी स्थिती इचलकरंजीत आणि एकूणच घरगुती पेढ्यांत फार आढळते. जीएसटी क्रमांक आणि बँक खाते असणे म्हणजे ही नोंदणी नव्हे. नोंदणी नंतर करून घेतल्याने आधीच दाखल झालेला दावा सहसा वाचत नाही. नव्याने दाखल करावा लागतो, आणि तोपर्यंत मुदत शिल्लक असेल तरच त्याचा उपयोग. समोरची पेढी एकमालकीची आहे, भागीदारी आहे की कंपनी, हेही जीएसटीच्या संकेतस्थळावर तिचा क्रमांक टाकून पाहता येते. भागीदारी असेल तर प्रत्येक भागीदार व्यक्तिशः देणेकरी असतो. कंपनी असेल तर संचालकांच्या घरापर्यंत हुकूमनामा (दाव्यातील न्यायालयाचा अंतिम आदेश) सहसा पोहोचत नाही.

दावा कोठे करायचा, याबाबत आपण भाग्यवान आहात. बिलावर ‘इचलकरंजी न्यायक्षेत्र’ छापले आहे म्हणून नव्हे, कारण एका बाजूने छापलेली ती ओळ समोरच्याला बांधील ठरते की नाही यावर वाद होऊ शकतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २० प्रमाणे दाव्याचे कारण जेथे अंशतः घडले तेथेही दावा चालतो. माल इचलकरंजीत ट्रान्सपोर्टच्या ताब्यात दिला गेला आणि पैसे इचलकरंजीच्या खात्यावर यायचे होते, एवढ्याने आपल्या जिल्ह्यातील न्यायालयाला अधिकार मिळतो. रक्कम ३ लाखांहून अधिक असून विषय व्यापाऱ्यांमधील मालविक्रीचा असल्यामुळे हा वाणिज्यिक न्यायालये कायदा, २०१५ खालील वाणिज्यिक वाद आहे. त्यामुळे त्या कायद्याच्या कलम १२अ प्रमाणे दाव्यापूर्वी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज करणे सक्तीचे आहे. पाटील ऑटोमेशन विरुद्ध राखेजा इंजिनिअर्स या ऑगस्ट २०२२ च्या निकालापासून याला अपवाद फक्त खरोखरच्या तातडीच्या अंतरिम मागणीचा आहे. केवळ मध्यस्थी टाळण्यासाठी मनाईचा अर्ज चिकटवला, तर न्यायालय वादपत्र (दाव्याचा मूळ अर्ज) नाकारू शकते. मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीत धरला जात नाही, पण मध्यस्थीचा अर्जच मुदत संपल्यावर केला तर काही वाचत नाही. समोरची पेढी मध्यस्थीला आलीच नाही तर तसा अहवाल मिळतो आणि तो वादपत्रासोबत लावायचा असतो.

वाणिज्यिक दाव्यात कैफियत समन्स लागल्यापासून ३० दिवसांत आणि कमाल १२० दिवसांत द्यावी लागते. त्यानंतर तो हक्कच संपतो. हा मोठा फरक आहे, कारण साध्या दिवाणी दाव्यात कैफियतीसाठी वर्ष-दीड वर्ष तारखा पडलेल्या मी पाहिल्या आहेत. मात्र हीच शिस्त आपल्यालाही लागू आहे. ताब्यातील सर्व कागद वादपत्रासोबतच द्यावे लागतात, मागाहून सापडले म्हणून सहज घेतले जात नाहीत. काही वकील आपल्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खालील संक्षिप्त दावा सुचवतील, ज्यात प्रतिवादीला बचावासाठी आधी न्यायालयाची परवानगी मागावी लागते. तो मार्ग लेखी करारावरील निश्चित रकमेसाठी आहे, आणि सही करून स्वीकारलेली बिले हा असा लेखी करार मानता येतो. पण आपल्या प्रकरणात बिलांवरच्या सह्या अपुऱ्या आहेत आणि व्हॉट्सॲपचा एक निरोप मालाच्या तक्रारीचा आहे. परवानगी मिळण्याइतका बचाव त्यातून तयार होईल, असे मला वाटते. मग वर्षभर त्या एका अर्जावर वाद घालण्यापेक्षा सरळ वाणिज्यिक दावा बरा.

यापेक्षाही वेगळा एक मार्ग आपल्याला खुला आहे आणि मी त्याचा गंभीरपणे विचार करायला सांगेन. आपण उत्पादक आहात आणि आपली उद्यम नोंदणी (लघुउद्योगांची सरकारी नोंदणी) २०२१ ची, म्हणजे पहिल्या बिलाच्या आधीची आहे. सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायदा, २००६ प्रमाणे सूक्ष्म किंवा लघु उद्योगाला खरेदीदाराने जास्तीत जास्त ४५ दिवसांत पैसे द्यायचे असतात. दलालाने तोंडी ६० दिवस कबूल केले असले तरी त्याने फरक पडत नाही. न दिल्यास कलम १६ प्रमाणे रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागते. आपली बिले थकली तेव्हा बँक दर ६.७५ टक्के होता, म्हणजे तिप्पट २०.२५ टक्के. मालाबद्दल लेखी हरकत पोहोचेपासून १५ दिवसांत घ्यावी लागते, अन्यथा पोहोचेचा दिवस हाच स्वीकृतीचा दिवस धरतात. त्यामुळे एप्रिलमधील दलालाचा निरोप तेथे आणखी दुबळा पडतो. थकबाकीचे असे वाद सोडवणाऱ्या सुलभीकरण परिषदेकडे याच कायद्याच्या कलम १८ चा अर्ज करायचा, आधी समेटाचा प्रयत्न होतो, तो फसला की लवाद चालतो. खरेदीदार गुजरातचा असला तरी अधिकार आपल्या विभागाच्या परिषदेलाच आहे. निवाडा आपल्या बाजूने लागला आणि पेढीला तो आव्हान द्यायचा असेल, तर कलम १९ प्रमाणे आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते.

या मार्गाच्या मर्यादाही सांगतो. परिषदेने ९० दिवसांत निर्णय द्यावा असे कायदा म्हणतो, पण प्रत्यक्षात त्याला पुष्कळ अधिक वेळ लागतो. लवादाच्या टप्प्यावर मुदत कायदा लागू होतो, हे सर्वोच्च न्यायालयाने सिल्पी इंडस्ट्रीज प्रकरणात २०२१ मध्ये सांगितले आहे, म्हणून वर सांगितलेल्या तारखा तेथेही पाळाव्या लागतील. नोंदणी कराराच्या आधीची असावी का, हा प्रश्न २०२५ मध्ये मोठ्या पीठाकडे सोपवला गेला, परंतु आपली नोंदणी आधीचीच असल्याने त्याची झळ आपल्याला बसत नाही. हे वाचणाऱ्या सूत व्यापाऱ्यांनी आणि कापड दुकानदारांनी मात्र लक्षात घ्यावे की व्यापाऱ्यांना २०२१ पासून मिळणारी उद्यम नोंदणी बँकांच्या प्राधान्य क्षेत्रातील कर्जापुरती आहे. परिषदेचा हा मार्ग त्यांना त्या नोंदणीने मिळत नाही. एक उपयोगी बाजू आणखी आहे. २०२३ मध्ये प्राप्तिकर कायद्यात कलम ४३ब (ह) आल्यापासून, सूक्ष्म व लघु उद्योगाचे पैसे वेळेत न देणाऱ्या खरेदीदाराला ती खरेदी प्रत्यक्ष पैसे दिल्याच्या वर्षीच खर्च म्हणून धरता येते. त्यामुळे मार्च २०२४ च्या ताळेबंदात त्या पेढीने आपली बाकी कशी दाखवली, हा प्रश्न तिच्या लेखापरीक्षकालाही अडचणीचा ठरला असणार.

व्याजाबद्दल दिवाणी न्यायालयात काय होईल, तेही सांगतो. बिलावर छापलेले २४ टक्के सहसा जसेच्या तसे मिळत नाहीत. आधीच्या वर्षांत त्या पेढीने एखाद्या उशिराच्या भरण्यावर व्याज दिले असेल तर त्याची नोंद शोधा, ती सोन्यासारखी आहे. अन्यथा मालविक्री कायद्याच्या कलम ६१ प्रमाणे न्यायालय वाजवी दराने व्याज देते. हुकूमनाम्यानंतरच्या व्याजाला एरवी ६ टक्क्यांची मर्यादा असते, पण व्यापारी व्यवहारात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३४ प्रमाणे ती ओलांडता येते.

पोलिसांत तक्रार करण्याचा सल्ला आपल्याला दलालाने दिला आहे. मी तो देणार नाही. ऑगस्ट २०२४ मध्ये दिल्ली रेस क्लब प्रकरणात सर्वोच्च न्यायालयासमोर अगदी असाच विषय होता. घोड्यांचे खाद्य पुरवणाऱ्या व्यापाऱ्याचे सुमारे नऊ लाख रुपये थकले होते आणि त्याने विश्वासघात व फसवणुकीची फिर्याद केली होती. न्यायालयाने सांगितले की विक्री होताच मालाची मालकी खरेदीदाराकडे जाते, त्यामुळे सोपवलेल्या मालाचा विश्वासघात होत नाही, आणि नुसते पैसे न देण्यावर दिवाणी दावा हाच उपाय आहे. व्यवहार करतानाच पैसे बुडवण्याचा हेतू होता हे दाखवता आले तरच फसवणुकीचा गुन्हा होतो, आणि पाच लाख भरणाऱ्या पेढीबाबत ते दाखवणे अवघड आहे. चेक न वटल्याचे प्रकरण वेगळे असते. तेथे बँकेची सूचना मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, मग १५ दिवसांची वाट आणि त्यानंतर एक महिन्यात फिर्याद, असा काटेकोर क्रम आहे. आपल्याकडे न वटलेला चेक नाही, तेव्हा त्यात शिरत नाही. दिवाळखोरी संहितेचाही येथे उपयोग नाही, कारण ती कंपनी किंवा तत्सम संस्थेविरुद्धच आणि किमान १ कोटी थकबाकीवरच वापरता येते, आणि नोटिशीपूर्वीचा वाद असला तर तो अर्ज टिकत नाही.

शेवटी वसुली. हुकूमनामा किंवा निवाडा हाती आला की दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करावी लागते, आणि मालमत्ता गुजरातमध्ये असल्याने हुकूमनामा तेथील न्यायालयाकडे पाठवून घ्यावा लागेल. त्यासाठी १२ वर्षे मिळतात, पण तोवर पेढी टिकेलच असे नाही. प्रतिवादीला आपल्या मालमत्तेचे शपथपत्र द्यायला लावता येते, त्याचे बँक खाते जप्त करता येते, आणि त्याला ज्यांच्याकडून येणे आहे त्या प्रोसेस हाऊसला किंवा व्यापाऱ्याला ते पैसे न्यायालयात भरायला लावता येतात. निकालापूर्वीच जप्ती हवी असेल तर पेढी माल किंवा मालमत्ता हलवून हुकूमनामा निष्फळ करू पाहते आहे, याची ठोस माहिती शपथेवर द्यावी लागते. नुसत्या भीतीवर तो आदेश मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये रमण टेक विरुद्ध सोळंकी ट्रेडर्स या निकालात सांगितले आहे. म्हणून आपल्या नोव्हेंबर २०२३ च्या चेकवर त्या पेढीच्या कोणत्या बँकेचे आणि शाखेचे नाव होते, तिचे गोदाम स्वतःचे आहे की भाड्याचे, आणि तिचा माल कोणत्या प्रोसेस हाऊसला जातो, ही माहिती दलालाकडून आत्ताच लिहून घ्या. वाद चिघळल्यावर दलाल दोन्ही बाजूंचा राहत नाही, आणि त्याची साक्षही लागणार असल्याने त्याच्याशी बोलताना कटुता येऊ देऊ नका.